पंच क्रमांक दोन

हजेरीपट हा शब्द कुणी उच्चारला की आजही माझं डोकं सटकतं. बायको म्हणते, तुमचं डोकं कशानंही सटकतं. असेल. पण या शब्दाला तेवढा हक्क आहे.

बहात्तरच्या दुष्काळात मी पाण्याच्या खात्यात हजेरी कारकून होतो. वय तेवीस. तेरपासून एसटीनं तासाभरावर एक लहान तलाव, त्या तलावाच्या कालव्यावर आमची शाखा. तलावात पाणी नव्हतं, कालव्यात पाणी नव्हतं, शाखेतल्या माठातसुद्धा टँकर आला तरच पाणी. पण खातं पाण्याचं, त्यामुळं आम्ही सगळे रोज वेळेवर कामावर.

कालव्यावर एक पाटकरी होते. पाटाची दारं उघडायची, ज्याची पाळी त्याला पाणी द्यायचं, कुणी चोरून पाट फोडला तर भांडून बुजवायचा, हे त्यांचं काम. बारा वर्षं त्यांनी ते केलं, तेही कच्च्या नोकरीवर. पुढच्या साली कायम होणार होते. बौद्धवाड्यातले, त्यांच्या घरात सरकारी नोकरी लागलेला हा पहिलाच माणूस. कायम झाल्याचा कागद आला की काचेची चौकट करून भिंतीला लावायचा, असं त्यांनी ठरवून ठेवलं होतं. चौकटीची काच कुठल्या दुकानात चांगली मिळते, तेही त्यांनी विचारून ठेवलेलं. माझ्यापेक्षा वीस वर्षांनी मोठे. मी त्यांना मामा म्हणायचो, ते मला भाऊसाहेब.

तलाव कोरडा पडला तसं त्याच्या पोटातला गाळ काढायचं दुष्काळी काम निघालं. तीन-चारशे माणसं पाट्या-फावडी घेऊन खाली उतरली. आमचे ओव्हरसियर, ज्यांना आम्ही रावसाहेब म्हणायचो, ते एक दिवस मामांना म्हणाले, "कोरड्या पाटावर बसून काय माशा मारताय? या खाली, टोळ्या सांभाळा." झालं. मामांनी कालव्याच्या चौकीला कुलूप घातलं, किल्ली कमरेच्या करदोट्याला बांधली आणि खाली आले. चौकीपासून गाळाचं काम म्हणजे हाक मारली तर ऐकू येईल एवढं अंतर.

आता माझ्याकडं हजेरीपट दोन. एक दुष्काळी कामाचा, दुसरा कालव्यावरच्या नोकरांचा. मामांचं नाव कालव्याच्या पटावर. रोज सकाळी मी आणि मामा काठावरच्या एका बाभळीखाली एकाच पोत्यावर बसायचो. ते टोळीतली माणसं मोजून मला आकडा सांगायचे, मी दुष्काळाच्या पटावर लिहायचो. मग दुसरा पट उघडून मामांच्या रकान्यात 'ह' मांडायचो. ह म्हणजे हजर. माणूस शेजारी बसलाय, त्याला हजर म्हणायला काय अडचण?

असा महिना उलटून गेला. मग एक दिवस मोठे साहेब उस्मानाबादहून कुणाला न सांगता तपासणीला आले. जीप कालव्याच्या रस्त्यानं येऊन चौकीपाशी थांबली. हॉर्न वाजला. चौकीला कुलूप. पुन्हा हॉर्न वाजला. तलावाच्या पोटातून सगळ्यांनी माना वर केल्या. मामा ताडकन उठले, टोपी सारखी केली आणि तिथूनच कडक सलाम ठोकला. जीप धुरळा उडवत निघून गेली.

"सायबांनी बघितलं आपल्याला," मामा खुशीत म्हणाले.

बघितलं कसलं डोंबल! आठ दिवसांनी कागद आला. कालवा चौकी बंद आढळली. पाटकरी कर्तव्याच्या जागी गैरहजर. चौकशी करता सदर इसम बऱ्याच दिवसांपासून चौकीवर नसल्याचे समजते. सबब गैरहजेरी मांडून कारवाई करावी. आता चौकशी कुणाकडं केली म्हणाल, तर हॉर्नकडं. दुसरं तिथं कुणी नव्हतंच.

रावसाहेबांनी कागद वाचला, घडी घातली, उघडून परत वाचला. मी म्हटलं, "रावसाहेब, कळवून टाका की. तुम्हीच त्यांना खाली बोलावलंत."

"लेखी आहे का?"

"काय?"

"मी बोलावल्याचं."

"मी ऐकलं की माझ्या कानानं!"

"तुझे कान फायलीला लागत नाहीत," रावसाहेब म्हणाले. "साहेब गैरहजर म्हणतात ना? मग मांड गैरहजर. पुढचं पुढं बघू."

आणि मी मांडलं. इथं मी स्वतःला सोडणार नाही. नवी नोकरी होती, साहेब म्हणजे देव असं वाटायचं, सगळं खरं; पण हात माझाच होता. लाल शाईची दौत काढली आणि दीड महिन्याच्या रकान्यांतल्या एकेका 'ह'वर काट मारून वर 'गै' लिहीत गेलो. मामा शेजारीच पोत्यावर बसून टोळी मोजत होते. "सत्तेचाळीस," ते म्हणाले, "लिवलं का भाऊसाहेब?" मी म्हटलं, "लिहिलं." आणि दौत त्यांच्या नजरेला पडू नये म्हणून पलीकडं सरकवली.

मग सात दिवसांत लेखी खुलासा करा, अशी नोटीस निघाली. नोटीस रजिस्टर पोस्टानं घरी पाठवायची असा नियम. पोस्टमन घरी गेला तेव्हा मामा अर्थातच कामावर होते. 'घरी मिळत नाही' असा शेरा मारून पाकीट परत गेलं. घरी मिळत नाही आणि कामावरही नाही, असा माणूस आता कागदोपत्री फरारच झाला. मग पुढची पायरी: नोटीस चौकीच्या दारावर डकवायची आणि तसा पंचनामा करायचा.

त्या कामाला कचेरीचा शिपाई सायकलवर आला. हँडलला खळीचा डबा. सरळ आमच्या बाभळीखाली येऊन टेकला, तांब्याभर पाणी प्याला आणि म्हणाला, "चौकीची किल्ली कुनापाशी हाय?"

"माज्यापाशी," मामा म्हणाले. "चला, उघडून देतो."

आम्ही तिघं वर गेलो. मामांनी करदोट्याची किल्ली सोडून कुलूप काढलं. शिपायानं आत डोकं घालून पाहिलं. एक बाज, एक कंदील, कोपऱ्यात फावडं. बाजेखालीसुद्धा वाकून बघितलं पठ्ठ्यानं. "कोनच न्हाय," तो म्हणाला आणि दाराला खळ फासायला लागला.

मामांनी तोवर नोटीस वाचली. त्यांना वाचायला यायचं, जरा सावकाश. "आवं, हे तर माझंच नाव हाय!"

"आसंल," शिपाई म्हणाला. "मला डकवाया सांगितलंय."

"पर मी हितंच हाय की!"

"आता हायसा. म्या आत बघितलं तवा आत कोन हुतं?"

मामांनी प्रामाणिकपणे विचार केला. "कोनच न्हवतं."

"मग! धरा जरा वरनं, वाकडं चिकटतंय."

आणि मामांनी धरलं. खळ मिलोच्या, म्हणजे दुष्काळात रेशनवर आलेल्या अमेरिकन ज्वारीच्या पिठाची होती. त्या लाल मिलोची भाकर होत नव्हती तिथं खळ काय होणार? कागदाची टोकं सुटायला लागली तशी मामांनी ती अंगठ्यानं दाबून दाबून बसवली. स्वतःची नोटीस इतक्या नीट चिकटवून घेतलेला माणूस मी दुसरा पाहिला नाही.

पंचनाम्याला दोन पंच लागतात. पहिला मी. दुसरा कोण? मामा म्हणाले, "खालनं आनू का कुनाला?" शिपायाला उन्हाची घाई. तो म्हणाला, "खालचे समदे आंगठेवाले. सही पायजे. तुमीच करा की."

"माझी चालंल?"

"न चालायला काय झालं? तुमी सरकारी मानूस."

हे शेवटचं त्यांना पटलं. आमच्याकडं पंचनामा म्हणजे हाताशी असेल त्यानं सही द्यायची, सरकारी काम अडवून ठेवायचं नाही, हीच रीत. पंचनामा वाचून सही करणारा माणूस आगाऊ समजला जायचा. मामांनी पेन घेतलं, गुडघ्यावर कागद ठेवला आणि वडलांच्या नावासकट घोटून सही केली. वर लिहिलेलं होतं की, आम्ही खाली सह्या करणारे पंच लिहून देतो की, सदर इसमाचा आमच्या समक्ष शोध घेतला असता तो मिळून आला नाही. पंच क्रमांक एक, मी. पंच क्रमांक दोन, सदर इसम.

आम्ही तिघंही हसलो बरं का त्या दिवशी. मी तर पोट धरून हसलो. मामा म्हणाले, "चूक झालीया कचेरीची. कळंल की सायबाला." संध्याकाळी ते रावसाहेबांना जाऊन भेटले, "मी हितंच हाय" असं सांगून आले. रावसाहेब म्हणाले, बघतो. पण तोंडी सांगितलेलं उत्तर म्हणजे उत्तर नव्हे. सात दिवसांची मुदत संपली आणि हुकूम आला: संधी देऊनही खुलासा सादर केला नाही, सबब नोकरीतून कमी करण्यात येत आहे.

त्या दिवशी कुणी हसलं नाही. मामा पोत्यावर बसले. हुकूम दोनदा वाचला. "बारा वर्सं, भाऊसाहेब," ते म्हणाले. "बाप वारला तवा तिसऱ्या दिशी पाटाच्या दारावर हुतो म्या. लोकांची पाळी चुकू ने म्हनून. इचारायचं तरी हुतं एकदा, कुठं हुतास रं बाबा म्हनून." मी हजेरीपटात डोकं खुपसून बसलो. मला काहीतरी बोलायला पाहिजे होतं, आणि मी पानं उलटत राहिलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते पाटी घेऊन आले आणि गाळाच्या टोळीत उभे राहिले. खायचं काय मग? काल ज्या टोळ्या ते मोजत होते, त्यातल्याच एकीत आता ते बेचाळिसावे. मी नाव घेतलं, ते म्हणाले, "हाय." मी लिहिलं, हजर. सरकारनं गैरहजेरीसाठी काढलेल्या माणसाची सरकारच्याच कामावरची पक्की हजेरी, माझ्याच अक्षरात, त्याच तलावात. एक दिवस खाडा नाही.

अर्ज लिहायला पुढं झाले ते गावच्या सोसायटीचे गटसचिव. दुष्काळात सहकारी सोसायटीकडं कुणी फिरकत नव्हतं, त्यांना वेळच वेळ, आणि अर्ज लिहायची भारी हौस. ते म्हणाले, "सरकारी माणसाला त्याची बाजू ऐकल्याशिवाय काढता येत नाही. घटनेत आहे."

मामा म्हणाले, "आसनारच की. घटना आमच्याच मानसानं लिवलीया." कितीतरी दिवसांनी ते ताठ बसलेले दिसले.

पहिला अर्ज परत आला: योग्य मार्गानं सादर करावा. योग्य मार्ग म्हणजे वरिष्ठाच्या सहीनं, म्हणजे रावसाहेबांच्या. रावसाहेब म्हणाले, "माझ्या हाताखालचा माणूस असता तर पाठवला असता. तुम्ही आता माझ्या हाताखाली नाही." थोडक्यात, आधी नोकरीवर परत या, मग नोकरीवर परत घ्या म्हणून अर्ज करा. गटसचिवांनी दुसरा अर्ज केला, मामा रोज तलावातच होते असं लिहून. त्याचं उत्तर तर मी पाठच केलं होतं: 'अर्जदार दुष्काळी कामावर नियमित हजर असल्याचे हजेरीपटावरून दिसून येते. यावरून त्यास सरकारी नोकरीत स्वारस्य नसल्याचे स्पष्ट होते.' गटसचिवांनी टोपी काढून जमिनीवर आपटली. "अहो, हे सरकार आहे का चेष्टा?" मी म्हटलं, दोन्ही. विनोद करायला माझं काय जात होतं?

पुढच्या साली पाऊस झाला आणि तलाव निम्मा भरला. कालव्याला पाणी सोडलं, तर दारं कुणाला धडपणी उघडता येईनात. नवा पाटकरी नेमलाच नव्हता, कारण जुन्याचं प्रकरण निकाली निघालं नव्हतं. पाणी शेतात जायचं सोडून ओढ्याला जायला लागलं. रावसाहेब स्वतः चालत बौद्धवाड्यात गेले. "मामा, तेवढी दारं बघून द्या."

मामा म्हणाले, "लेखी द्या."

रावसाहेबांचं तोंड बघण्यासारखं झालं. मी मनातल्या मनात टाळ्या वाजवल्या. पण मामांना पाणी वाया गेलेलं बघवेना. दुसऱ्या दिवशी सकाळी फावडं घेऊन ते आपले आपण गेले, दारं लावली, फुटलेला पाट बुजवला. पाळ्या लावून दिल्या. लेखी काही मिळालं नाही ते नाहीच. सगळा हंगाम नोकरीतून काढलेल्या माणसानं कालवा चालवला, आणि हजेरीपटावर कालव्यावर कुणीच नव्हतं.

अर्जावर अर्ज गेले. मोठे साहेब बदलून गेले, नवे आले. त्यांनी जुनी प्रकरणं काढली आणि एक दिवस सुनावणीचं पत्र आलं. मामा धुवट धोतर नेसून उस्मानाबादला आले. गटसचिव फायलींचं बोचकं घेऊन. मला साक्षीला बोलावलेलं. खोटं सांगत नाही, मला मामांच्या नोकरीची काळजी कमी आणि स्वतःच्या जास्त होती.

नवे साहेब बारीक, हळू बोलणारे. एकेक कागद वाचत होते. पंचनाम्यापाशी थांबले. हुकूम बघितला, परत पंचनामा बघितला.

"हे पंच क्रमांक दोन कोण?"

मामा उठून उभे राहिले. "मीच, सायेब."

"आणि जो मिळून आला नाही तो?"

"तोबी मीच."

कचेरीचा हेडक्लार्क घाईघाईनं म्हणाला, "साहेब, पंचनामा नियमाप्रमाणे आहे. दोन पंचांच्या सह्या आहेत." साहेबांनी त्याच्याकडं असं पाहिलं की तो गप खाली बसला.

"पंच क्रमांक एक?"

मी उभा राहिलो.

"त्या दिवशी हे तिथं होते?"

"हो, साहेब."

"मग मिळून आले नाहीत, यावर तुम्ही सही कशी केली?"

"चौकीत नव्हते, साहेब. चौकीच्या दारात होते." माझं मलाच ऐकू येत होतं मी काय बरळतोय ते.

"त्याआधीचा दीड महिना?"

"तलावात होते. रोज. माझ्या शेजारी बसायचे. रावसाहेबांनी खाली बोलावलं होतं. लाल शाई मी नंतर मारली."

"इतके दिवस सांगितलं का नाही?"

"कुणी विचारलं नाही, साहेब."

साहेबांनी पेनाचं टोपण लावलं. हुकूम त्याच आठवड्यात आला. मामांना कामावर परत घेतलं. ते हजर होते म्हणून नव्हे. ते हजर होते की नाही यात हुकूम शिरलाच नव्हता. नोटीस बजावण्यात दोष राहिला म्हणून. मधला काळ नोकरीत धरायचा, म्हणजे कायम होण्याला अडचण नाही. फक्त एक अट: ज्या दीड महिन्यापासून हे सगळं सुरू झालं, त्या दिवसांचा रजेचा अर्ज मामांनी मागील तारखेनं द्यायचा. रजेचं कारण लिहून.

अर्ज लिहायला मामा माझ्याकडंच आले. बाभळीखाली तेच पोतं. मी हसत म्हटलं, "काय मामा, जिंकलात की! आता कारण काय लिहू? आजारी होतात म्हणू?"

"आजारी कवा पडलो म्या?"

"मग घरगुती अडचण?"

ते कोऱ्या कागदाकडं बघायला लागले. मला वाटलं कारण शोधतायत.

"लिवा काईबी," ते म्हणाले. "कायम व्हायचं हाय तर लिवावंच लागंल. पर एक सांगू का, भाऊसाहेब? त्या सायबाला मी दिसलो न्हाय, ते मला समजतं. जीपमदनं काय दिसतंय. रावसाहेबाला त्याची नोकरी हुती. तुमी तर माज्या शेजारी बसला हुता. तुमाला कुनी इचारायला कशाला पायजे हुतं?"

मी वर बघू शकलो नाही. लाज वाटली, इतकी की कानशिलं तापली, आणि वाटलं, ओरडून माफी मागावी या माणसाची, चारचौघांत मागावी. पण मी मान खाली घालून लिहिलं: कारण, घरगुती अडचण.

मामांनी अर्ज सावकाश, शब्द न् शब्द वाचला. मग सही केली.